मैदानालाच नाव दिलं, मग तक्रार कुठे करायची?

सराव संपला की आकडे लागायचे. एकास एक झुंजीत कोणी किती जिंकल्या, उंच आलेला चेंडू डोक्यानं कोणी मिळवला, धावण्यात कोण पुढे, छोट्या सामन्यांत कोणाची बाजू सरस ठरली. मैदानाच्या कडेला वही घेऊन उभी असलेली मुलं सगळं टिपायची आणि पहिल्या नंबरापासून शेवटच्यापर्यंतची यादी सगळ्यांना दिसेल अशी लावली जायची. अमेरिकेतल्या चॅपेल हिल गावी, नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाच्या मुलींच्या फुटबॉल संघात हे वर्षानुवर्षं चाललं. पद्धतीच्या इंग्रजी नावाचा मराठीत अर्थ सांगायचा तर 'स्पर्धेची भट्टी'. ती पेटवली प्रशिक्षक अँसन डॉरन्स यांनी, पण निखारा आणला होता शेजारच्या बास्केटबॉल कोर्टावरून. तिथले प्रशिक्षक डीन स्मिथ सराव आकड्यांत मोजायचे.

डॉरन्स यांचा जन्म ९ एप्रिल १९५१ चा, मुंबईतला. एवढ्या भांडवलावर 'मुंबईकर गुरूनं अमेरिकेला फुटबॉल शिकवला' असा मथळा आपल्याकडे आरामात निघेल. पण वडील तेलाच्या धंद्यात, काम नेईल तिकडे बिऱ्हाड. भारत, केनिया, इथिओपिया, सिंगापूर, बेल्जियम असा तो प्रवास, आणि त्यात स्वित्झर्लंडची शाळा. त्यामुळे त्यांच्या वयाची अमेरिकी मुलं बेसबॉलची बॅट घेऊन फिरत होती तेव्हा हा मुलगा फुटबॉल खेळणाऱ्या मुलखांत वाढत होता. नॉर्थ कॅरोलायनाच्या मुलांच्या संघातून ते खेळले, १९७४ मध्ये इंग्रजी आणि तत्त्वज्ञान घेऊन पदवीधर झाले, वकिली शिकू लागले. १९७७ मध्ये आपल्याच जुन्या संघाचं प्रशिक्षकपद मिळालं आणि वकिली मागे पडली ती पडलीच. दोन वर्षांनी मुलींचा संघही त्यांच्याकडे आला. खेळाडू म्हणून ते चांगले होते, पण जगाला नाव कळलं ते शिट्टी गळ्यात आल्यावर.

पुढचा हिशेब तोंडात बोट घालायला लावणारा आहे. १९८२ पासून २०१२ पर्यंत राष्ट्रीय महाविद्यालयीन स्पर्धेची २१ विजेतेपदं, त्यातली १९८६ ते १९९४ सलग नऊ. त्याआधी १९८१ मध्ये, मुलींच्या खेळांची संघटना वेगळी होती तेव्हाचं एक, ते निराळंच. शिवाय १९८६ पासून ते अमेरिकेच्या राष्ट्रीय महिला संघाचेही प्रशिक्षक होते. नोव्हेंबर १९९१ मध्ये चीनमध्ये महिलांचा पहिला विश्वचषक झाला. सामने तेव्हा ९० नव्हे, ८० मिनिटांचे असत. बायकांना नव्वद झेपणार नाहीत असं तेव्हाच्या शहाण्यांना वाटत होतं. ग्वांगझूच्या अंतिम सामन्यात मिशेल एकर्सनं दोन गोल केले, दुसरा ७८ व्या मिनिटाला, आणि नॉर्वे २-१ हरला. त्या १८ जणींच्या संघात निम्म्या चॅपेल हिलच्या होत्या. एका कॉलेजनं जग जिंकलं म्हटलं तर फारसं चुकणार नाही.

डॉरन्स ऑगस्ट २०२४ मध्ये, नवा हंगाम तोंडावर असताना निवृत्त झाले. तेव्हापासून त्यांच्यावर जे लिहिलं-बोललं जातं त्याचे दोन गट पडतात. एक म्हणतो, असा गुरू होणे नाही. दुसरा म्हणतो, त्यांच्यावरच्या खटल्याचं काय? दोन्हीकडचे लोक एकमेकांशी न बोलता आपापलं म्हणणं मांडून मोकळे होतात. माझं म्हणणं असं की त्यांची किमया आणि त्यांच्यावरचा आरोप या दोन वेगळ्या गोष्टी नाहीतच. दोन्ही एकाच मुळातून आल्या आहेत, आणि ते मूळ समजून घेतलं नाही तर कॉलेजच्या प्रशिक्षकाला किती मोकळीक द्यायची या प्रश्नाचं उत्तर आपल्याला सापडणार नाही.

आधी ती मोकळीक आली कुठून ते पाहू. १९७२ मध्ये अमेरिकेत एक कायदा झाला. सरकारी पैसा घेणाऱ्या कुठल्याही शिक्षणसंस्थेला लिंगावरून भेदभाव करता येणार नाही, एवढाच त्याचा अर्थ. 'टायटल नाइन' या नावानं तो ओळखला जातो. कायद्याच्या मजकुरात खेळाचा उल्लेख शोधून सापडत नाही, पण सगळ्यात मोठा धक्का बसला तो जिमखान्यांना. मुलांसाठी संघ, मैदानं, शिष्यवृत्त्या आणि मुलींसाठी टाळ्या वाजवायची जागा, हे चालेना. चॅपेल हिलच्या मुलींचा हौशी क्लब होता. आम्हालाही विद्यापीठाचा अधिकृत संघ करा म्हणून त्या मागे लागल्या. खेळ विभागाच्या प्रमुखांनी डॉरन्सना सांगितलं, जरा बघून या कशा खेळतात. ते बघून आले, हो म्हणाले, आणि संघ त्यांच्याच गळ्यात पडला. बाकीची विद्यापीठं अजून कायद्यातल्या पळवाटा शोधत होती तोवर यांनी पळायला सुरुवात केली होती. सुरुवातीच्या विजेतेपदांमागे बुद्धी होती तशी ही वेळेआधी निघण्याची संधीही होती.

या कायद्याची एक गंमत म्हणा की शोकांतिका म्हणा, ती अशी. १९७२ च्या सुमाराला अमेरिकेतल्या मुलींच्या कॉलेज संघांच्या प्रशिक्षकांत ९० टक्क्यांहून अधिक बायका होत्या. पैसा नव्हता, प्रतिष्ठा नव्हती, त्यामुळे पुरुष फिरकत नव्हते. कायद्यानं पैसा आणला, पगारी पदं आणली, आणि बायकांचं प्रमाण निम्म्याच्या खाली घसरलं. खेळायला मुली वाढल्या, शिकवायला पुरुष. डॉरन्स या लाटेतले एकटे नाहीत, पण सगळ्यात यशस्वी नक्कीच.

आता त्यांची पद्धत. फळ्यावरची यादी हा तिचा दिसणारा भाग. पण निव्वळ आकड्यांनी सलग नऊ वर्षं कोणी जिंकत नसतं. मुलांचा आणि मुलींचा संघ १९८० च्या दशकात बरीच वर्षं त्यांनी एकाच वेळी सांभाळला, आणि त्यातून त्यांचं एक ठाम मत झालं. ते सांगायचे, मुलांना म्हणा की 'तुमच्यातले काही जण जीव लावून खेळत नाहीत', की प्रत्येकाला वाटतं हे शेजाऱ्याबद्दल चाललंय. मुलींना तेच म्हणा, प्रत्येकीला वाटतं हे माझ्याबद्दलच. म्हणून मुलींवर ओरडून काम होत नाही. प्रत्येकीशी नातं जोडावं लागतं, ती कोण आहे, तिच्या मनात काय चाललंय हे ठाऊक असावं लागतं. सगळ्या मुली अशा आणि सगळे मुलगे तसे, ही विभागणी मला ढोबळ वाटते. ओरडा बसला की रात्रभर जागणारे मुलगे मी पाहिलेत. पण एक मान्य करायला हवं: त्या काळात बहुतेक प्रशिक्षक मुलींना 'कमी ताकदीचे मुलगे' समजून शिकवत होते. हा माणूस त्या वेळी मुलींच्या स्वभावाचा विचार करत होता, आणि वर त्यांना बेधडक एकमेकींशी भिडायला लावत होता. मैत्रिणीला सरावात हरवलं तर मैत्री तुटत नाही, हे शिकवायलाही कोणीतरी लागतंच.

पुढे जगप्रसिद्ध फुटबॉलपटू झालेल्या मिया हॅमची गोष्ट त्यातलीच. १९८७ मध्ये पंधराव्या वर्षी त्यांनी तिला राष्ट्रीय संघातून मैदानात उतरवलं, नंतर ती त्यांच्याच कॉलेजात आली. एका सकाळी गाडीनं कामावर जाताना त्यांना ती एकटी मैदानात दिसली. वेगाच्या धावा मारून वाकून उभी, घामानं निथळलेली, बघायला कोणी नाही. त्यांनी गाडी पुढे घेतली, आणि नंतर तिला एक चिठ्ठी लिहिली: कोणी पाहत नसताना दमून वाकलेली, घामात भिजलेली, हेच विजेतीचं चित्र. ती चिठ्ठी पुढे जगभरच्या जिमच्या भिंतींवर गेली. मला मात्र चिठ्ठीतल्या वाक्यापेक्षा चिठ्ठी लिहिणं महत्त्वाचं वाटतं. एकोणीस-वीस वर्षांच्या मुलीला आपले सर आपल्याकडे असं बघतात हे कळणं, हे इंधन कुठल्याही फळ्यावरच्या आकड्यापेक्षा जास्त जळतं.

आणि जास्त जळणारं इंधन घरात ठेवायचं असेल तर काही काळजी घ्यावी लागते.

१९९८ मध्ये दोन माजी खेळाडूंनी डॉरन्स आणि विद्यापीठावर लैंगिक छळाचा दावा लावला. आरोप असे: सरावाच्या वेळी मुलींच्या लैंगिक आयुष्याबद्दल चौकश्या, कोण कोणाबरोबर असते यावरून थट्टा, शरीरांवरून शेरे. त्यातल्या एकीचं म्हणणं होतं की स्पर्धेच्या दौऱ्यावर, हंगामाच्या मूल्यमापनासाठी म्हणून प्रशिक्षकाच्या हॉटेलच्या खोलीत बसवून तिला असाच प्रश्न विचारला गेला. ती तेव्हा १७ वर्षांची होती. तिनं पुढे असंही सांगितलं की विद्यापीठाच्या वकील अधिकाऱ्याकडे ती आधीच गेली होती, आणि तिला उत्तर मिळालं, तुझं तूच प्रशिक्षकांशी बोलून मिटव.

डॉरन्स यांनी छळाचा आरोप फेटाळला. तसल्या गप्पा मुलीच सुरू करायच्या, वातावरण घरच्यासारखं होतं, असा बचाव होता. अनेक माजी खेळाडू त्यांच्या पाठीशी उभ्या राहिल्या. खालच्या न्यायालयानं खटला ज्यूरीपुढे न नेताच विद्यापीठाच्या बाजूनं निकाल दिला. अपील न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या पीठानं २००६ मध्ये तो बहुमतानं कायम ठेवला. मग एप्रिल २००७ मध्ये त्याच न्यायालयाच्या पूर्ण पीठानं तो फिरवला. दोषी ठरवलं नाही. एवढंच म्हटलं की तक्रारदार सांगते ते खरं धरलं तर ज्यूरी त्याला छळ म्हणू शकते, म्हणून तिचं ऐकून घ्यायला हवं. ज्यूरी बसलीच नाही. एकीशी आधीच तडजोड झाली होती, दुसरीशी २००८ च्या सुरुवातीला ३ लाख ८५ हजार डॉलरवर झाली. डॉरन्स यांनी पत्र लिहून माफी मागितली आणि असल्या थट्टामस्करीत आपण सामील होणं योग्य नव्हतं हे मान्य केलं.

विद्यापीठावरचा हा दावा मुख्यतः कुठल्या कायद्याखाली होता? टायटल नाइन. ज्या कायद्यानं त्यांच्या हातात मुलींचा संघ आणला, त्याच कायद्यानं त्यांचं विद्यापीठ प्रतिवादी झालं. यात विरोधाभास काहीच नाही. मुलींना मैदान मिळालं पाहिजे आणि मैदानात त्यांना सुखानं श्वास घेता आला पाहिजे, हे एकच वाक्य आहे. पण विद्यापीठानं त्याचा पूर्वार्ध छातीला बिल्ल्यासारखा लावला आणि उत्तरार्धासाठी दहा वर्षं वकील उभे केले.

'अनेक जणींना त्रास झाला नाही' या युक्तिवादावर थोडं थांबायला हवं, कारण तो आपल्याकडेही फार चालतो. तो खोटा नाही. बहुतेकींना खरोखर काही वाटलं नसेल. काहींनी तर आयुष्य घडवल्याबद्दल त्यांचे आभार मानले आहेत, आणि ते मनापासूनचे आहेत. पण प्रशिक्षकानं नातं जोडण्यालाच आपलं हत्यार केलं, तर ते नातं नको म्हणण्याची सोय खेळाडूला उरते का? अमेरिकी कॉलेजात त्या वेळी खेळाची शिष्यवृत्ती एका वर्षाची असे. पुढच्या वर्षी द्यायची की नाही हे प्रशिक्षकाच्या मर्जीवर. अनेक वर्षांची शिष्यवृत्ती देता येऊ लागली ती २०१२ पासून. म्हणजे जो माणूस तुमच्या मनात डोकावतो तोच तुमची फी ठरवतो, तोच अकरांत घेतो, आणि डॉरन्स यांच्या बाबतीत १९९४ पर्यंत राष्ट्रीय संघाचं दारही त्याच्याच हातात. अशा माणसानं 'काय गं, कसं चाललंय तुझं?' विचारलं तर प्रश्न कितीही मायेचा असो, तो साधा राहत नाही. हसून उत्तर देणाऱ्या मुलीला गंमत वाटतेय की ती आपली जागा राखतेय, हे प्रशिक्षकाला कळूच शकत नाही. त्यामुळे तो चांगला की वाईट ही चर्चा मला दुय्यम वाटते. चांगल्यालाही कळत नाही, म्हणूनच कळणारा दुसरा कोणीतरी लागतो.

मी स्वतः फुटबॉल खेळलेली नाही. कॉलेजात कबड्डी खेळायचे, डावा कोपरा. स्पर्धेआधी वजनं व्हायची, कारण ठरल्यापेक्षा जास्त भरलं तर घरी. आमचे सर काट्याशेजारी उभे राहून आकडा मोठ्यानं वाचायचे आणि प्रत्येक आकड्यामागे एक शेरा असायचा. कोणाचं लग्न कसं जमणार, कोणाच्या चालण्याकडे कोण बघतं. सगळ्या हसायच्या. मीही हसायचे. उपवास करून काट्यावर चढायचं आणि हसायचं. हेच सर रात्री एसटी चुकली तर स्टँडवर आमच्याबरोबर पहाटेपर्यंत जागे बसायचे, स्वतःच्या खिशातून सगळ्यांना वडापाव आणायचे, आणि घरच्यांनी खेळ बंद केला तर त्या मुलीच्या दारात जाऊन तिच्या वडिलांची समजूत काढायचे. माझ्या वडिलांचीही त्यांनीच काढली होती. तक्रार करावी असं मनात आलं नाही, आणि आलं असतं तरी खेळातली कुठलीही तक्रार आमच्याकडे सरांकडेच करायची असायची.

तेव्हा कायदा नव्हता, आता आहे. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यात 'कामाची जागा' कशाला म्हणायचं याच्या यादीत क्रीडासंस्था, स्टेडियम आणि स्पर्धेची ठिकाणं नावानिशी घातली आहेत. पुढे विद्यापीठ अनुदान आयोगानं महाविद्यालयांसाठी वेगळे नियम केले, त्यात विद्यार्थिनीही आल्या. अंतर्गत समितीच्या सदस्यांची नावं आता कॉलेजच्या भिंतीवर दिसतात, बहुतेक वेळा प्राचार्यांच्या केबिनजवळ. मैदानावर नाही. आणि दौऱ्यावर गेलेल्या संघाबरोबर समिती जात नाही. बरोबर असतात ते सर.

यावर एक आक्षेप येणारच, आणि तो मला हलका वाटत नाही. अशी नजर ठेवली तर प्रशिक्षक घाबरून लांब राहतील, चिठ्ठ्या लिहिणार नाहीत, वडिलांची समजूत काढायला जाणार नाहीत. खेळाडूला नुसता पगारी शिट्टीवाला मिळेल. काही जण खरंच लांब जातील. पण समजूत काढायला दारात जाणं आणि हॉटेलच्या खोलीत एकटीला बसवून मूल्यमापन करणं यातला फरक न कळणारा माणूस लांब गेलेलाच बरा. उरलेल्यांसाठी मागण्या तरी केवढ्या आहेत? मूल्यमापनाला तिसरी व्यक्ती हजर असावी. शिष्यवृत्ती किंवा संघातलं स्थान काढायचं तर कारण लेखी द्यावं, आणि त्यावर प्रशिक्षकाच्या हाताखाली नसलेल्या कोणाची तरी सही असावी. तक्रार जिच्याकडे जाईल त्या व्यक्तीचं प्रमोशन संघाच्या विजयावर अवलंबून नसावं. यानं एकही चिठ्ठी थांबत नाही.

आणखी एक मागणी आहे, जी ऐकून लोक मला कद्रू म्हणतील. पदावर असलेल्या प्रशिक्षकाचं नाव मैदानाला देऊ नये. चॅपेल हिलमध्ये जुनं फेट्झर मैदान पाडून नवं स्टेडियम उभं राहिलं, २०१९ मध्ये ते खुलं झालं, आणि त्याचं नाव डॉरन्स फील्ड. माफीच्या पत्राला तेव्हा जेमतेम अकरा वर्षं झाली होती आणि डॉरन्स अजून प्रशिक्षक होते. पुढची पाच वर्षं अठरा वर्षांच्या नव्या मुली, ज्याला सरांचं नाव दिलंय अशा मैदानात, सरांच्या हाताखाली उतरत राहिल्या. त्यांच्यातल्या एकीलाही तिथे काही खुपलं असेल असं मी म्हणत नाही. एवढंच विचारते की खुपलं असतं तर तिनं कोणत्या दारानं बाहेर पडून ते सांगायचं होतं? सन्मान करायला माझी हरकत नाही. निवृत्तीनंतर करा, हवा तेवढा करा.

आणि संस्था एका माणसावर उभी असते या समजुतीचं काय झालं, तेही बघण्यासारखं आहे. डॉरन्स गेले, त्यांच्या जागी ऐनवेळी त्यांचे सहायक डेमन नहास हंगामी म्हणून उभे राहिले, आणि डिसेंबर २०२४ मध्ये त्या संघानं वेक फॉरेस्टला १-० हरवून राष्ट्रीय विजेतेपद घेतलं. २०१२ नंतर पहिल्यांदाच. कोणी म्हणेल, लावलेलं झाड डॉरन्सचंच. असेल. पण गेली पंचवीस वर्षं ज्याच्याशिवाय पान हलणार नाही म्हणून विद्यापीठ ज्याला सांभाळून घेत होतं, त्याच्याशिवाय पान हललं.

आमच्या सरांचा निवृत्तीचा सत्कार गेल्या वर्षी झाला. जुन्या खेळाडूंचा व्हॉट्सअ‍ॅप गट महिनाभर गजबजला होता. फेटा कुठला, मानपत्र कोण लिहिणार, शाल की चांदीची मूर्ती. मी वर्गणी दिली, पहिल्या तिघींत. सभागृहात गेले, वाकून नमस्कार केला, सरांनी ओळखलं, म्हणाले, "डावा कोपरा!" माझ्या डोळ्यांत पाणी आलं ते खरं होतं. मग त्यांनी मला वरून खाली पाहिलं आणि आताचं वजन विचारलं. आजूबाजूच्या सगळ्या हसल्या. या वेळी मी हसले नाही, आणि पुढे दोन शब्द बोलायला माझं नाव पुकारलं तेव्हा जागेवरून उठलेही नाही.